तीन मिनिटं झाली

नाशिकच्या ट्रंक एक्स्चेंजवर माझी दुपारी दोन ते रात्री दहा,
कानांवर हेडफोन, समोर दोऱ्यांचा गुंता,
आणि दर थोड्या वेळानं एकच वाक्य:
तीन मिनिटं झाली. वाढवू का?
लोक घाईघाईनं वाढवा म्हणत,
नाहीतर मधेच गप्प होत.
एवढ्यावरच मी संवाद शिकले.
द्राक्षांच्या पेट्यांचे भाव, बारशाची तारीख,
काय झालंय ते न सांगता नुसतं 'तू नीघ'.

कारखानीसांचं पत्र आलं, दूरदर्शनच्या पाकिटातून:
सेट दोन. कॅमेरे तीन, त्यातला एक अधूनमधून आजारी.
नदी नको. लहान मूल नको, कुत्रं तर नकोच.
सगळं थेट जाणार, चुकलं की चुकलं.
आणि नायिका स्वयंपाकघरातून दवाखान्यात जाईल तेव्हा
साडी बदलायला तिला चाळीस सेकंद द्या.

भद्रकालीतल्या खोलीत मी स्टोव्ह विझवला
आणि स्वतःच नेसून पाहिलं, घड्याळ खिळ्याला टांगून.
चाळीसात होत नाही. पिना धरून पन्नास.
त्या पन्नास सेकंदांसाठी एक पोस्टमन लिहिला.
नाटकात त्याला दुसरं काही काम नव्हतं.
यायचं, चष्मा पुसायचा, शेजारणीला पत्ता विचारायचा,
जायचं.

संहिता पहाटेच्या गाडीनं गेली,
गार्डच्या डब्यात, कोथिंबिरीच्या जुड्यांशेजारी.

आता गंमत अशी, की नाशिकला चित्र पोचतच नव्हतं.
गंगापूर रोडच्या एका डॉक्टरांनी गच्चीवर बांबू उभा केला होता.
बांबूवर कावळे बसत, पडद्यावर मुंग्या.
म्हणून त्या दिवशी मी पाळी बदलून घेतली नाही.
मुंबई एक्स्चेंजची शालन तळपदे
(कधी भेटलो नव्हतो, तिचा खोकला तेवढा ओळखीचा),
तिची सुट्टी होती, शेजाऱ्यांकडे टीव्ही होता आणि फोनही.
तिनं रिसीव्हर टीव्हीसमोर धरला,
मी दोरी खोचून ठेवली, तिकीट न लिहिता.
गुन्हाच तो. सुपरवायझर वैशंपायनबाई पाणी प्यायला गेल्या
त्या बराच वेळ आल्याच नाहीत.

भांडी वाजली. माझी वाक्यं आली, कुणा दुसऱ्याच्या गळ्यातून.
मधेच शेजाऱ्यांचं पोर, आई, भूक.
मग पोस्टमन. चष्मा पुसला असणार.
पत्ता विचारला. शेजारीण गेली.
आणि पुढे काहीच नाही.

पिन अडकली असणार.
पन्नास संपले. पंचावन्न. साठ.
कसाऱ्याचा घाट चढून आलेली ती शांतता
कानात नुसती सळसळत होती,
आणि माझ्या तोंडून निघून गेलं, सवयीनं,
बोला. बोला, लाईन चालू आहे.

त्याला कुठलं ऐकू जाणार.
दळवी नावाचा बँकेतला कारकून होता, पहिलंच काम.
पण दारावर थाप पडली आणि तो म्हणाला,
पत्र नाहीये आज, वहिनी.
तरी आलो. म्हटलं, दार तरी वाजू दे.

पुढचं नाटक नीट झालं म्हणतात.
मला आठवत नाही.
शालन ओरडत होती, ऐकलंस का, ऐकलंस का,
आणि धुळ्याचा अर्जंट कॉल लुकलुकत होता.

टेप कुणी केली नाही. पंचाहत्तर रुपयांचा चेक आला.
आईनं विचारलं, दिसलं का गं?
म्हटलं, वाजलं चांगलं.

परवा कुणी पुस्तकात छापायला संहिता मागितली.
जांभळी कार्बन कॉपी काढली ट्रंकेतून.
तिथे एवढंच आहे: पोस्टमन जातो.
त्याचं वाक्य घालायला पेन उघडलं, मिटलं.
विचारायला तर हवं.
मुंबईच्या जुन्या डिरेक्टरीत दळवी पानंच्या पानं आहेत,
मी वरून सुरुवात केलीय.
आजचा सातवा.
रिंग जातेय.